त्याला उशीर होईल

लहानपणी हा अंतराळवीराचा सिनेमा पाहिला, तेव्हा आमच्या टीव्हीवर मुंग्याच फार. इंग्रजी मला कळत नव्हतं. बाबा कानाशी सांगायचे. शेवटी यानापासून सुटून तो काळोखात वाहत जातो, तेव्हा बाबा म्हणाले, "घरच्यांना सांगतोय, जेवायला थांबू नका, उशीर होईल." मी निर्धास्त झोपले.

आज नव्या टीव्हीवर सगळं लख्ख दिसतंय. काचेआडचे त्याचे डोळेसुद्धा, काठोकाठ भरलेले. खाली मराठीत अक्षरं उमटली: 'हवा संपत आली आहे.'

शेजारी बसलेले म्हातारे बाबा सवयीने माझ्या कानाशी वाकले. "उशीर होईल म्हणतोय."

"हो," मी म्हटलं.

तो लहान लहान होत ताऱ्याएवढा झाला. कुठेतरी त्याचं ताट अजून झाकून ठेवलेलं असेल.