आखूड दोरी

ते प्रकरण आठवलं की आजही माझी मलाच लाज वाटते.

रायगडच्या किनाऱ्यावर खाडीकाठच्या एका ठाण्याचा मी प्रभारी होतो. दुपारी एका बंगल्याच्या रखवालदाराचा फोन आला. मालकांच्या होडीचं इंजिन चोरीला गेलं होतं. "साहेब, तो तरवाला होडीची दोरी सोडत होता. मी डोळ्यांनी बघितलं." तरवाला म्हणजे तरीतून, भाड्याच्या होडीतून, माणसांना खाडीपलीकडे नेणारा साठीचा नाखवा. धक्क्याच्या जागेवरून त्याचं बंगलेवाल्याशी हाडवैर होतं. संशयाला आणखी काय लागतं?

त्याला ठाण्यात आणलं. हातांना ताजं वंगण लागलेलं.

"दोरीला हात लावलास?"

"व्हय. आखूड बांधलेली. भरती चढत व्हती, होडी वर उचलली नसती, बुडली असती."

वैऱ्याची होडी वाचवायला निघालेला हा पहिलाच भेटत होता. गुन्हा दाखल झाला तर तरीचा परवाना जाईल, असं मी दरडावलं. त्याचा चेहरा उतरला. "बापापासनं तर चालवतो, साहेब. पन चोरी न्हाय केली." जबाब बदलेना. निर्ढावलेला आहे, असं मी ठरवून टाकलं.

दुसऱ्या दिवशी सकाळी पंचनाम्याला गेलो तेव्हा ओहोटी होती. रखवालदाराने होडी पुढे आणून खुंट्याला करकचून बांधली. गयावया करायला आलेली नाखव्याची बायको तिथेच उभी होती. ती खाली वाकली आणि तिने ती दोरी दोन हात सैल केली.

"तुझ्या नवऱ्याला या रखवालदाराच्याच जबाबाने अडकवलंय," मी म्हणालो.

"पानी चढल ना आता. धक्क्याव असल त्यानं सोडायची. होडी कुनाची का असंना."

मी रखवालदाराचा जबाब पुन्हा काढला. होडी परवा बांधली, नंतर हात लावला नाही, असं त्याने सांगितलं होतं. मग त्या आखूड दोरीवर ती मधल्या भरतीत कशी तरली? म्हणजे काल सकाळच्या ओहोटीलाच कुणीतरी ती नेऊन परत बांधली होती, आणि तो माणूस खाडीवरचा नव्हता; आत्ता माझ्यासमोर रखवालदाराने ती तशीच करकचून बांधली होती. एवढं विचारल्यावर रखवालदाराने चोरी कबूल केली. पलीकडच्या सुपारीच्या वाडीत, झावळ्यांखाली इंजिन सापडलं. नाखव्याच्या हाताचं वंगण त्याच्याच तरीच्या इंजिनाचं होतं.

इतकी वर्षं मी माणसं वाचतो म्हणून मिरवत होतो. भल्या माणसाचा हात मला चोराचा दिसला, कारण मला दुसरं काही बघायचंच नव्हतं.

नाखव्याला सोडायला मी त्याच्याच तरीतून पलीकडे गेलो. "वैर असून दोरी कशाला सोडलीस?" मी विचारलं.

"वैर मानसाशी हाय. होडीनं काय केलंय?"

उतरल्यावर मी पुढे होऊन त्याची होडी खुंट्याला घट्ट बांधली. मी चार पावलं जाऊन मागे पाहिलं, तर तो दोरी सैल करत होता.