मी पुसलेल्या रेल्वे कंपन्या

परदेशात नोकरी करायचा माझा परवाना, म्हणजे एम्प्लॉयमेंट पास, संपायला बावीस दिवस उरले होते, आणि मी विलायतेतल्या मेलेल्या रेल्वे कंपन्यांची यादी साफ करत बसलो होतो. हसू नका. पाया लेबारच्या आमच्या चिमुकल्या ऑफिसात तेवढं एकच काम शिल्लक होतं. तिकडच्या एका छोट्या रेल्वे संग्रहालयाला जुन्या प्रादेशिक कंपन्यांचा डेटाबेस हवा होता. आमच्या बॉस बाईंनी मला समोर बसवून सांगितलं होतं, "त्यांची सही आली तर तुझ्या पासचा अर्ज करते. नाही आली तर तुला ठेवायला माझ्याकडे कामच नाही."

नाही आली तर काय, हे आमच्या घरात पाठ होतं. माझा पास गेला की बायकोचा गेला, मुलीचा गेला, बुकित पंजांगचा फ्लॅट गेला. मुलीची सहावीची मोठी परीक्षा दोन महिन्यांवर आलेली. तिचं शिक्षण सगळं इथलं, मराठी वाचताना तिला घाम फुटायचा. पुण्यात कुठल्या शाळेत नेऊन बसवणार होतो तिला? आणि मला चाळिशी उलटल्यावर कोण दारात उभं करणार होतं? रोज सकाळी एलआरटीच्या गाडीत उभ्या उभ्या डोक्यात हेच दळण चालायचं.

विलायतेत एकेकाळी शंभरावर रेल्वे कंपन्या होत्या. एकेका दरीची, एकेका बंदराची आपापली कंपनी, आपापला रंग. पहिल्या महायुद्धानंतर सरकारने कायदा केला आणि त्यातल्या बहुतेक चार मोठ्या कंपन्यांत कोंबल्या. छोट्यांच्या इंजिनांचे नंबर बदलले, वर नवा रंग फासला, नावं गेली. मला त्याचं काय सोयरसुतक? माझ्यापुढे होता एक गचाळ तक्ता. एकच स्टेशन त्यात तीन-तीनदा, तीन वेगळ्या कंपन्यांच्या नावावर.

आम्हा डेटाबेसवाल्यांना एकच गोष्ट दोनदा दिसली की हाताला खाज सुटते. जुळ्या ओळी शोधायच्या, एक ठेवायची, बाकीच्या उडवायच्या. दुपारी चारला इंग्लंडशी कॉल होता. म्हटलं, त्याआधी तक्ता असा चकाचक करू की पाहताक्षणी सही ठोकतील! चार मोठ्या कंपन्या ठेवल्या, बाकी सगळ्या त्यांच्यात विलीन. हे सगळं बदलणारी आज्ञा, आमच्या भाषेत क्वेरी, मूळ तक्त्यावरच चालवली. बॅकअप? सर्व्हर रडत चालतो म्हणून तो मीच तीन आठवड्यांपूर्वी बंद केला होता. अति शहाणा त्याचा बैल रिकामा, दुसरं काय.

सही करणारे संग्रहालयातले एक स्वयंसेवक होते, नव्वदीकडे झुकलेले आजोबा. त्यांचे वडील वेल्समधल्या एका कोळशाच्या दरीत, तिथल्या छोट्याशा कंपनीचे इंजिन ड्रायव्हर. कॉलवर आजोबा पडद्याजवळ वाकून शोधत राहिले. मग म्हणाले, "आमची कंपनी दिसत नाही हो."

मी शोधली. नव्हतीच. तिच्या जागी पश्चिमेकडची मोठी कंपनी, आणि शेवटचा शेऱ्याचा रकाना कोरा. त्या रकान्यात आजोबांनी तीन आठवडे एका बोटाने टाईप करून वडिलांनी सांगितलेलं सगळं लिहिलं होतं. मी त्यातली एक ओळसुद्धा वाचली नव्हती. तांत्रिक अडचण आहे, सोमवारपर्यंत वेळ द्या, असं खोटं बोलून मी कॉल बंद केला.

घरी सांगितलं तेव्हा बायको उभीच राहिली. "तुला कोणी सांगितला होता हा नसता उद्योग? होतं तसं दाखवायचं ना!"

"अगं, नीटनेटकं दिसावं म्हणून..."

"नीटनेटकं! घरात कधी स्वतःची चादर घडी केलीस का?" ती रडली, आणि रडतारडताच संग्रहालयाने पाठवलेल्या जुन्या छापील याद्यांच्या स्कॅन केलेल्या पानांचा गठ्ठा तिने पुढ्यात ओढला. शनिवार-रविवार आम्ही तिघं जेवणाच्या टेबलावर होतो. बायको पानं वाचायची, वेल्सच्या गावांची जिभेला गाठ मारणारी नावं मुलगी एकेक अक्षर करून सांगायची, मी टाईप करायचो. रविवारी मुलगी इथल्या बोलीत म्हणाली, "बाबा, डोंट क्राय लाह." मी रडतोय हे मला तोवर कळलंच नव्हतं.

छापील होतं ते सगळं परत आलं. कंपन्या आल्या, स्टेशनं आली. शेरे कुठल्याच पानावर नव्हते.

सोमवारी मी आजोबांना खरं ते सांगून टाकलं. आणि लाज सोडून पासचंही सांगितलं, मुलीच्या परीक्षेचंही. माणूस बुडायला लागला की काय वाटेल ते धरतो. ते रागावले नाहीत. "बरं, मग पुन्हा सांगतो," म्हणाले, "घ्या लिहून. घराजवळच्या वळणावर वडील इंजिनाची शिट्टी द्यायचे. ती ऐकली की आई चहाचं आधण ठेवायची. दोन लांब, एक आखूड..."

ते थांबले. "की एक लांब, दोन आखूड?"

त्यांनी ओठांचा चंबू करून शिट्टी वाजवून पाहिली. मान हलवली. दुसऱ्या तऱ्हेने वाजवली. पुन्हा मान हलवली. मी हात कीबोर्डवर ठेवून बसलो होतो.

"लिहिलं तेव्हा आठवत होतं," ते म्हणाले. मग त्यांनी विचारलं, "मुलीची परीक्षा कधी आहे म्हणालात?"

संध्याकाळी त्यांची सही आली. बॉस बाईंनी शब्द पाळला, मला दोन वर्षांचा पास मिळाला. बायकोने शिरा केला. मुलगी परीक्षेला बसली, चांगली पास झाली. त्या शिऱ्याचा एकही घास मला गोड लागला नाही, पण मी खाल्ला. नाही म्हणायची हिंमत माझ्यात तेव्हाही नव्हती.

आजोबांच्या कंपनीपुढे शेऱ्याच्या रकान्यात मी एवढंच लिहिलं: घराजवळच्या वळणावर शिट्टी देत. ती कशी होती, हे माझ्यामुळे आता जगात कुणालाच ठाऊक नाही.