स्लेटवर नाव नसलेले दिग्दर्शक

मोडकसरांनी माझ्या डोक्यावरचे हेडफोन स्वतःच्या हातांनी काढले आणि विचारलं, "लंच ब्रेकमध्ये रोज पार्किंगला जाऊन कोणाशी बोलतोस?"

"बायकोशी, सर."

"रोज?"

"रोज."

"दाखव फोन."

दाखवला. त्यांनी पाहिला आणि परत दिला, पण चेहरा काही सैल झाला नाही. ज्या माणसामुळे मी ग्लासगोत उभा होतो, त्याने माझा फोन तपासला. राग आला नाही. भीती वाटली.

मी साउंड रेकॉर्डिस्ट. शूटिंगच्या वेळी नट जे बोलतात ते रेकॉर्ड करणारा. नववीत शाळा सुटली, मिरजेत लाउडस्पीकरच्या दुकानात लागलो, तिथून मुंबईत बूमवर. बूम म्हणजे लांब काठीला लावलेला माइक. तो नटाच्या डोक्यावर धरून उभं राहायचं आणि फ्रेममध्ये दिसू द्यायचा नाही. मोडकसरांच्या दोन पिक्चरना मी बूम धरला. पुढे रेकॉर्डिंगच्या मशीनवर मला त्यांनीच बसवलं. नववी नापासाला कोण बसवतं?

मग सरांचं कामच बंद झालं. कॉस्च्युम विभागातल्या एका मुलीने एका बड्या निर्मात्याविरुद्ध तक्रार केली होती. सरांनी तिच्या बाजूने साक्ष दिली. त्यानंतर त्यांच्याबरोबर कोणी काम करायचं नाही, असे फोन फिरले. कागद नाही, सही नाही, नुसते फोन. दोन वर्षं घरी बसून सर शेवटी बहिणीकडे इथे आले.

इथे त्यांना नेहाने वेब सिरीज दिली. नेहा आमची प्रोड्युसर. जन्म ग्लासगोचा, आईवडील हॉस्पिटलमध्ये डॉक्टर. मराठी घरात ऐकून शिकलेली. सरांच्या शब्दावर तिने मला स्पॉन्सर केलं, म्हणजे माझा व्हिसा तिच्या कंपनीवर. पण सिरीजमध्ये मुंबईची एक कंपनी पार्टनर होती आणि एडिटिंगही तिकडेच होतं. म्हणून सरांचं नाव कुठेच नव्हतं. दुसऱ्या दिवशी कोणी किती वाजता यायचं ते कॉल शीटवर असतं, तिथे डायरेक्टर म्हणून स्ट्युअर्ट. टेकआधी वाजवतात त्या स्लेटवरही स्ट्युअर्ट. खरा स्ट्युअर्ट सरांचा असिस्टंट. त्याला मराठीतलं फक्त 'चहा' कळायचं.

अकराव्या दिवशी नेहाला मुंबईहून फोन आला. मोडक तुमच्या सेटवर आहेत. नाहीत असं शुक्रवारपर्यंत लिहून द्या, नाहीतर आम्ही बाहेर पडतो. नेहाने कानांवर हात ठेवले. तेव्हा पलीकडच्या माणसाने तिला एक वाक्य ऐकवलं, "रडू नका ताई, पोळी लाटत राहा."

हे सरांनी किचनच्या सीनला म्हटलं होतं. जुन्या टेनेमेंटमधल्या, म्हणजे इथल्या दगडी चाळीतल्या, फ्लॅटचं ते किचन, वळायलाही जागा नाही. आत आम्ही चौघंच होतो. सर, कॅमेऱ्यावर कॅलम, आईचं काम करणाऱ्या सुलभाताई आणि मी. कॅलमला मराठी येत नाही. राहिलो दोघं.

नेहाने आम्हाला व्हॅनमध्ये बसवलं. "कोणी सांगितला, मला फक्त ते पाहिजे. मी शाउट करणार नाही. पण माझा कंपनी बंद होईल."

"मला काय विचारतेस?" सुलभाताई म्हणाल्या. "साउंडवाल्यांना विचार. ह्यांच्या माइकला भिंतीपलीकडची कुजबुज ऐकू येते."

"ताई, मी कशाला सांगीन? माझा व्हिसा जाईल."

"तेच तर. घाबरलेला माणूस काहीही करतो."

सर खिडकीबाहेर बघत बसले. ते मला जास्त लागलं.

त्या दिवसापासून जेवायला सगळे वेगवेगळे. सरांनी माझा फोन तपासला तो ह्याच दिवसांत. मी ताईंवर नजर ठेवली. त्यांना परत मुंबईत काम करायचं होतं, सरांचं नाव फोडायला त्यांच्याकडे कारण होतं. फोन आला की स्क्रीन झाकायच्या आणि जिन्यात जाऊन बोलायच्या. झालं, माझी खात्री पटली.

मग मी आमच्या धंद्यात करू नये ते केलं. नटाच्या कपड्याआड बारीक माइक लावलेला असतो. ब्रेक झाला की रेकॉर्डिस्टने ते चॅनल बंद करायचं, हा साधा शिष्टाचार आहे. बुधवारी चहाच्या ब्रेकला मी ते बंद केलं नाही.

आधी बांगड्या, पायऱ्या, धाप. मग ताईंचा आवाज. "अगं, इथे सगळे एकमेकांकडे चोरासारखे बघतायत... साउंडचा तो? छे गं, त्याला कुठला वेळ! मशीनला चिकटलेला असतो. सर 'कट' म्हणाले तरी ह्याचं आपलं चालूच."

मी पोळीच्या सीनची फाइल लावली. कटनंतर सरांचं ते वाक्य होतं.

आम्ही मशीन स्लेटच्या आधी सुरू करतो आणि कटनंतर काही सेकंद चालू ठेवतो. खोलीचा नुसता आवाज एडिटरला उपयोगी पडतो. मी जरा जास्तच चालू ठेवायचो, कमी पडायला नको म्हणून. आणि रोज संध्याकाळी सगळं जसंच्या तसं मुंबईला अपलोड करायचो. कॉल शीटवर नसलेले मोडकसर माझ्या प्रत्येक फाइलमध्ये होते. पहिल्या दिवसापासून, एकदम स्वच्छ आवाजात. त्यांच्याबरोबर एकदा काम केलेला कोणीही पहिल्या शब्दाला ओळखेल.

मी थेट व्हॅनमध्ये गेलो. सर आणि नेहा तिथेच होते. "सर, मीच तो."

"काय तूच?"

मी हेडफोन त्यांना दिले. ते डोळे मिटून ऐकत राहिले.

"मी दोन टेकच्या मध्ये इतकं बोलतो?"

"पहिल्यापासून, सर."

ते हसले. त्या आठवड्यात पहिल्यांदा.

नेहा मात्र उभीच होती. "सगळं डिलीट कर. मी लिहून देते, सर इथे नाहीत. फाइल जुना आहे म्हणते."

"नेहा, एका खऱ्या साक्षीपायी मी इथवर आलोय," सर म्हणाले. "आता माझ्यासाठी खोटी साक्ष देऊ नकोस. मला काढ, ते चालेल."

नेहा खाली उतरली. गुरुवारी तिने मुंबईला एका ओळीचा मेल केला, मोडक आहेत आणि राहतील. शुक्रवारी पार्टनर बाहेर पडला. आठ भागांची सिरीज होणार होती, तिचा दोन तासांचा एक पिक्चर झाला. दिग्दर्शक म्हणून सरांचं नाव आहे. अजून घेणारा मिळालेला नाही. नेहाची कंपनी तगली, म्हणून माझा व्हिसाही. ताईंची मुंबईतली एक मालिका गेली. माझे तिकडचे दोन जुने मित्र आता फोन उचलत नाहीत. ज्यांच्याबरोबर काम करायचं नाही त्यांत आता मीही आहे का, ते कळायला मार्ग नाही.

ताईंना मी चोरून ऐकल्याचं सांगून टाकलं. त्या म्हणाल्या, "मेल्या! बरं तर बरं, तुझ्याबद्दल चांगलं बोलले."

कोणावर संशय घ्यायचाच असेल तर आधी आपलं दिवसाचं काम परत ऐकावं. माझे चार दिवस वाया गेले, आणि फाइल ऐकायला मिनिटभर लागलं.