हिप्पीचं सुतक

मुलांनो, कुवेतमधल्या अबू हलीफाच्या आमच्या घरी एसी दुरुस्त करायला येणारा मेकॅनिक गोव्याला लागून असलेल्या गावचा होता. पन्नाशीतही केस खांद्यापर्यंत, गळ्यात रंगीत मणी. आजोबांनी घाई केली की हसून म्हणायचा, “सायबानू, जरा दमान!” त्याच्या तरुणपणी त्या किनाऱ्यावर हिप्पी राहत. बाकीचे परतले, पण एक डच याच्या घरी राहिला तो कायमचाच. केस आणि मणी त्याच्याकडूनच आलेले.

एका उन्हाळ्यात आमच्या बेडरूमचा एसी बंद पडला. मेकॅनिक आला तो मुंडण करून, आणि दारातच थांबला.

“वैनीनू, मी घरात येवचंय नाय. माका सुतक आसा. भाऊस गेलो.”

भाऊ म्हणजे तो डच. कंपनीने रजा नाकारली होती. गावी अग्नी शेजाऱ्यांनी दिला.

आजोबा शास्त्राला धरून चालणारे. म्हणाले, “अरे, तो तुझ्या रक्ताचा नव्हे. परक्याचं सुतक नसतं.”

“मगे तेचा कोण धरतलो, सायबानू?”

दुसऱ्या मेकॅनिकचं नाव आम्ही दोघांनीही काढलं नाही. दहावा होईपर्यंत हॉलमध्ये गाद्या घालून झोपलो.