लोह्याच्या भिंतीवरचा मी

माझं घर लातुरात, पण लोकांनी मला पाहिलंय ते भिंतीवर. मालिकेत नायकाचा वारलेला बाप लागतो ना, हार घातलेला, तो मी. एकदा फोटो काढून घेतात आणि पुढं दोन वर्षं सुना त्याच्यासमोर रडतात. मधूनच तलाठ्याची नाहीतर प्रेताची भूमिका मिळते. आपण मेलो, जग बुडालं म्हणतात. माझं मात्र मेल्यावरच बरं चालतं.

मागच्या उन्हाळ्यात लोह्याजवळ एका शेतकऱ्याच्या घरी शूटिंग होतं. कपडे बदलायला आतल्या खोलीत गेलो, तर देव्हाऱ्याशेजारी माझाच फोटो. चंदनाचा हार, काचेवर ताजं गंध, खाली जळती उदबत्ती. आमच्या लोकांनी लावला म्हणावं, तर चौकटीवर चुलीच्या धुराचा थर बसला होता. भर दुपारी माझ्या अंगावर काटा आला.

घरमालक धावत आला आणि त्यानं हातच जोडले.

"सर, बापाचा एकबी फोटो नव्हता. आधार कार्डावर नुसता काळा डाग. मालिकेतले तुमी जरा तसे वाटले. मोबाइलवरून घेऊन नांदेडात मोठा करून आणला. मायला कमी दिसतंय, तिला सांगू नका."

म्हातारी त्याच्या मागं उंबऱ्यातच उभी होती. तिनं सगळं ऐकलं होतं. आता ही रडणार, नाहीतर मला शिव्या घालणार, असं वाटलं.

"मला पहिल्याच दिशी कळलं," ती मला म्हणाली. "लेकानं हौसेनं आणला म्हून गप बसले. पन रोज तुमालाच बघून बघून त्यांचं तोंड आठवंना झालंय, बाबा. डोळे मिटले की तुमीच."

मी हादरलो. मेलेल्याचं सोंग घेणं वेगळं आणि त्याची जागा खाणं वेगळं.

"फोटो काढायला सांगू का, माय?"

"आता काढून काय व्हतंय?" ती अंगणाकडं वळली. "त्यांची चाल तेवढी ध्यानात हाय. तुमी नाटकातले ना? चालून दावा. तिकडं तोंड करून."

उजवा पाय जरा ओढायचा, हात मागं बांधायचे, मान थोडी डावीकडं. तिनं अंगणात मला दोनदा चालवलं. "लई ओढू नका," म्हणाली. इतक्या वर्षांत एकाही दिग्दर्शकानं माझ्यावर एवढी मेहनत घेतली नव्हती.

मग तिच्याकडं पाठ करून मी शेताच्या वाटेला लागलो. दहाएक पावलांनंतर पाय आपोआप ओढला जायला लागला. मला भीती वाटली.

तेवढ्यात मागून हाक आली, "अवं, टोपी ऱ्हायली की!"

ती हाक मला नव्हती. तरी मान अर्धी वळलीच. पण पुरता वळलो असतो, तर तिला पुन्हा माझंच तोंड दिसलं असतं. मी तसाच चालत राहिलो. बांध ओलांडून दिसेनासा होईपर्यंत ती हाका मारत होती.