कॅप्टनसाहेब आणि मानाची जोडी

सरपंचपदासाठी मी कॅप्टन बळवंतराव देशमुखांच्या विरोधात अर्ज भरला आणि दुसऱ्याच दिवशी ते आमच्या अंगणात येऊन उभे राहिले. अर्ज मागे घे म्हणून दम द्यायला आले असणार, असं समजून मी पदर सावरत बाहेर आले. तर साहेब हात जोडून म्हणतात कसे, "बाई, मत मागायला आलोय. तुमचं बी आन तुमच्या मालकाचं, हरिभाऊचं बी."

"आवं, मीच तर उभी हाय तुमच्यासमोर!"

"म्हणून तर पहिलं तुमचं घर. सोप्या घरी मत मागायला काय लागतंय?" निवांत चहा प्यायले, मिशीला पीळ दिला आणि पुढच्या गल्लीला गेले.

झरी गावाच्या पलीकडे आमचं गाव. शिवारातली निम्मी काळी जमीन एकेकाळी देशमुखांची. साहेबांच्या वडिलांच्या काळात त्यांच्या दारावरून जाताना लोक वहाणा हातात घ्यायचे म्हणे. साहेब मात्र तरुणपणीच फौजेत गेले आणि सरहद्दीवरच्या बर्फात डाव्या पायाची दोन बोटं गमावून परत आले. मग राजकारण. आधी पंचायत समिती, मग वर्षानुवर्षं सरपंचपद. "दोन बोटं देशाला दिली, राहिलेली आठ गावाला दिली!" हे वाक्य प्रत्येक भाषणात ठरलेलं. लोक टाळ्या वाजवायचे आणि आम्ही बाया मागे बसून कुजबुजायचो, की बायकोच्या वाट्याला मग काय राहिलं? ऐटही भारी. प्लॅस्टिकच्या खुर्चीवर बसणं त्यांना कमीपणाचं वाटे.

आमचं घर मेंढरांवर जगणारं. थोडं कोरडवाहू रान आणि एक बैलजोडी, एवढाच संसार. बचत गटातल्या बायांनी मला उभं केलं आणि निवडूनही आणलं. पहिल्या ग्रामसभेला साहेब आले, पुढच्याच सतरंजीवर मांडी घालून बसले आणि ताडकन उठून म्हणाले, "माननीय सरपंच, वरल्या गल्लीला टाकीचं पाणी कधी मिळनार?" मला कुणी माननीय म्हणण्याची ती पहिलीच वेळ. मी त-त-प-प करू लागले, पण गडी सोडायला तयार नाही. सभा संपल्यावर बाहेर गाठून म्हणाले, "आवाज गळ्यातून यायलाय. पोटातून येऊ द्या."

मला राग आला होता. म्हटलं, "इतकी वर्षं तुमीच व्हता की खुर्चीवर! तवा का न्हाई दिलं पाणी?"

"म्हणून तर मला म्हाईत हाय, सरपंचाला कुठं पकडायचं ते," असं म्हणून मनमोकळं हसले. त्या दिवसापासून मला हा माणूस आवडायला लागला.

गेल्या हिवाळ्यात साहेब गेले. लोक त्यांच्या फौजेच्या गोष्टी सांगतात, मला मात्र मी सरपंच झाले त्या वर्षीचा पोळा सांगायचा आहे.

पोळ्याला आमच्या वेशीत तोरण बांधतात. त्याखालून पहिली जोडी जाते ती देशमुखांची. ती गेली की पोळा फुटला, मग बाकीचे बैल. पण देशमुखांच्या गोठ्यात आता बैल कुठले? पोरं पुण्याला, शेत ट्रॅक्टरवर. कित्येक वर्षं मानाची म्हणून जी जोडी जायची, ती आमची असायची. सकाळी त्यांचा गडी येऊन बैल न्यायचा, पाठीवर देशमुखांची जरीची झूल पडायची आणि कासरा साहेबांच्या हातात. सगळ्या गावाला ठाऊक होतं, पण तोंडातून कुणी काढत नव्हतं.

त्या वर्षी आमच्या मालकांनी निक्षून सांगितलं, "औंदा बैल द्यायचे न्हाईत." प्रचारात साहेबांच्या पुतण्याने मालकांना भर चौकात ऐकवलं होतं, "मेंढरामागं फिरनारे गाव चालवनार व्हय?" ते त्यांच्या जिव्हारी लागलं होतं. तिकडून पुतण्याचा निरोप, मानाची जोडी आली नाही तर वेशीतून एकही बैल जाऊ देणार नाही. बैल द्यावेत तर घरात भांडण, न द्यावेत तर गावात डोकी फुटणार. सरपंच होऊन चार महिनेही झाले नव्हते आणि हा पेच समोर आला.

आदल्या संध्याकाळी आम्ही बैलांच्या खांद्यांना हळद-तूप चोळत होतो. साहेब स्वतः आले. बैलाच्या पाठीवरून हात फिरवत म्हणाले, "हरिभाऊ, पोरगं जे बोललं त्याची माफी मागायलोय. उद्या बैल तुमीच घिऊन या." एवढंच बोलून गेले.

दुसऱ्या दिवशी वेशीत पुतण्या झूल घेऊन उभाच होता. साहेबांनी हात वर केला तशी हलगी थांबली. ते गावाकडे तोंड करून खणखणीत आवाजात म्हणाले, "ही जोडी हरिभाऊची हाय. मागं बी त्याचीच व्हती. माझा गोठा रिकामा हाय, आन मी उसन्या बैलावर मान मिरवत आलोय. आजपासून ज्याचे बैल त्याचा मान."

"काका, घराण्याची बेइज्जती करायलात तुमी!" पुतण्या ओरडला.

"बेइज्जती आजवर चालू व्हती. आज बंद करायलोय." मग आमच्या मालकांकडे वळून म्हणाले, "कासरा सरपंचबाईच्या हाती द्या."

आमच्याकडे पोळ्याला बाईने कासरा धरल्याचं कुणी पाहिलं नव्हतं. मालकांनी गुमान तो माझ्या हातात ठेवला. मी तोरणाकडे बघत उभी राहिले. मागून साहेबांचा दबका आवाज आला, "थांबू नका बाई. सगळं गाव खोळंबलंय."

मी निघाले. तोरण तुटलं, पोळा फुटला, हलगी पुन्हा कडाडली.

मारुतीला फेरा घालून मी वेशीकडे पाहिलं. पुतण्या आणि सगळी भावकी पाठ फिरवून घरी गेली होती. एकामागून एक जोड्या आल्या, मागून गोऱ्हे आले. सगळ्यांत शेवटी, हातात कासरा नाही, शेजारी रक्ताचं कुणी नाही, असे कॅप्टनसाहेब एकटेच वेशीतून चालत आले. इतक्या ताठ मानेने चालताना मी त्यांना कधीच पाहिलं नव्हतं.