लाल मातीतले संशयी

बेलापूरची आमची टेनिस स्पर्धा संपून महिना होत आला, तरी माझ्या बुटांतून अजून लाल माती पडते. किस्स्यांचंही तसंच आहे. वाटतं सगळं झटकून झालं, आणि चहा घेताना एखादा पुन्हा बाहेर पडतो.

मी अंपायर आहे. म्हणजे एरवी कोपरखैरण्याच्या एका शाळेत पी.टी. शिकवते, पण स्पर्धा आली की रजा टाकून उंच खुर्चीत जाऊन बसते. या खुर्चीनं मला संशयाचा रोग लावलाय. आमचे हे म्हणतात, "तू दूधवाल्याकडेसुद्धा त्याचा पाय रेषेवर पडल्यासारखं बघतेस." बघते. इतकी वर्षं लोक माझ्या तोंडावर शपथेवर "आउट होता" म्हणतात आणि मातीत खूण निघते आत, तर माणसाचं दुसरं काय होणार?

आणि मी तरी त्यातल्या त्यात बरी. या वेळी जी मंडळी जमली होती ना, त्यांच्यापुढे मी म्हणजे अगदी भोळी.

स्पर्धा बायकांची, व्यावसायिक, पण सगळ्यात खालच्या पायरीवरची. इथे मुख्य फेरीतली एक मॅच जिंकली की जागतिक रँकिंगचा पॉइंट मिळतो. तेवढ्यासाठी पोरी कुठून कुठून येतात. आमच्या दिवाळे गावची प्राची कोळी पाच मिनिटांवरून यायची, पण तो पॉइंट तिला कधीच मिळाला नव्हता. या वेळी स्थानिक म्हणून तिला थेट मुख्य फेरीत घेतलं होतं. पहिल्याच दिवशी मला म्हणाली, "मॅडम, ही शेवटची. एक पॉइंट आला तर पुढे खेळेन. नाय आला तर जूनपासून शाळेत शिकवायला जाणार. आईला तसं सांगून टाकलंय."

हे लक्षात ठेवा. बाकीचं सांगते.

*

कोर्ट म्हात्रेशेठच्या जमिनीवर. शेठच्या वडिलांची तिथे भातशेती होती. आता जासईला कंटेनर ठेवायला दिलेल्या जागेचं भाडं येतं, आणि त्यातून शेठनं हौसेनं लाल मातीची कोर्टं बांधली. माती बाहेरून मागवलेली. कोपऱ्यात तिचा ढीग असतो आणि शेठचा त्याच्यावर डोळा असतो.

तिसऱ्या दिवशी शेठ माझ्याकडे आले. आवाज खाली. "मॅडम, माती कमी व्हायला लागली. कोनतरी नेतंय."

"शेठ, माती कोण नेणार?"

"बाजूचा क्लब. त्यांचं पन कोर्ट चाललंय ना."

दोन दिवस शेठ स्वतः ढिगाशेजारी खुर्ची टाकून बसले. कोणी आलं नाही. मग एका संध्याकाळी त्यांनी खेळून परत निघालेल्या पोरींचे पाय बघितले. बूट लाल, मोजे गुडघ्यापर्यंत लाल, बॅगेच्या चाकांनाही माती. चोर सापडला होता!

दुसऱ्या दिवशी गेटवर पायपुसणं, ब्रश आणि पाटी: 'जाताना बूट झटकावे.' खाली बादली. ती भरली की शेठ स्वतः ढिगावर ओतायचे आणि वर आमच्याकडे बघायचे. आम्हीही मुकाट्यानं झटकायचो.

*

बंगळुरूची एक खेळाडू होती, रिया. तिचा प्रतिस्पर्ध्यांवर विश्वास नव्हता, आयोजकांवर नव्हता, पाण्याच्या बाटलीवर तर अजिबात नव्हता. कोणी काही मिसळेल आणि आपण उत्तेजकांच्या तपासणीत अडकू, ही तिची भीती. अगदीच खोटी नाही म्हणा, अशी प्रकरणं होतात. पण रिया सील असलेली बाटलीही उलटी करून दाबून बघायची.

शेवटी तिनं नारळावर भरवसा ठेवला. गेटबाहेरच्या शहाळेवाल्याकडे जायची, नारळ स्वतः निवडायची, डोळ्यांसमोर फोडून घ्यायची. स्ट्रॉ स्वतःची.

तरी हरली. अशी हरली की बघवेना. तशीच तरातरा गेटबाहेर गेली आणि शहाळेवाल्याला म्हणाली, "भैया, सच बताओ. सुबह वो दूसरी लडकी आयी थी क्या?"

शहाळेवाला आपला जुन्नरकडचा. कोयता खाली ठेवला आणि शांतपणे म्हणाला, "ताई, सहा महिने नारळ झाडावर होता. त्याला कुठं माहीत होतं तुमची मॅच हाय म्हनून?"

रियानं थोडा विचार केला आणि दुसरा नारळ निवडला. मागच्या बाजूचा.

*

आता देशमुख साहेबांची ओळख करून देते, म्हणजे पुढचं कळेल. छोट्या स्पर्धांत पोरींना पैसा कमी मिळतो, त्यामुळे सट्टेवाले अशा ठिकाणी गळ टाकून बसतात. मुद्दाम एखादा गेम हर, एवढंच सांगतात. त्यावर नजर ठेवायला एक अधिकारी असतो. ते देशमुख साहेब. अंगात पांढरा शर्ट, डोळ्यांवर काळा चष्मा, आणि तो चष्मा ते जेवतानाही काढत नसत.

स्टँडमध्ये रोज एक गृहस्थ यायचे. सावलीत बसायचे आणि प्रत्येक पॉइंट झाला की मोबाईलवर काहीतरी टाईप करायचे. मॅचकडे धड बघतही नव्हते. मला ते खुर्चीवरून दिसायचे, आणि खरं सांगते, मलाही संशय आलाच होता. देशमुख तर त्यांच्या बरोबर मागच्या रांगेत जाऊन बसले आणि मान लांब करून मोबाईलमध्ये बघायला लागले.

गृहस्थांनी जागा बदलली. देशमुखांनीही बदलली. गृहस्थांनी मोबाईलवर रुमाल धरला.

मॅच संपल्यावर गृहस्थ घाम पुसत थेट माझ्याकडे आले. "मॅडम, तुम्ही इथल्या मोठ्या ना? तो काळा चष्मेवाला बघा. चार दिवस माझे भाव चोरतोय."

"कसले भाव?"

"कांद्याचे! मी एपीएमसीत अडत्या आहे. पोरगी बाजूच्या क्लबात पोहायला येते, तोपर्यंत इथं बसतो. हा नक्की शेजारच्या गाळ्याचा माणूस आहे."

मी देशमुखांना बोलावून दोघांची ओळख करून दिली. कोणाचाच कोणावर विश्वास बसला नाही. पुढचे सगळे दिवस दोघं एकमेकांवर नजर ठेवून समोरासमोरच्या स्टँडमध्ये बसले.

*

लाल मातीची गंमत अशी की चेंडू पडला की खूण उमटते. वाद झाला की अंपायरनं खुर्चीवरून उतरायचं, वाकायचं आणि खूण वाचायची. रेषेला जरा जरी शिवली असेल तर चेंडू आत. आणि एक रिवाज आहे, तो नीट ऐका. आपल्या बाजूला पडलेली खूण खेळाडूनं पायानं पुसली, तर त्याचा अर्थ 'कबूल, चेंडू आत होता, पॉइंट समोरच्याचा.' पुसली की विषय संपला.

पुण्याची एक मुलगी होती, भारी टापटिपीची. दोन पॉइंटांच्या मधे रेषा झटकायची, चेंडू एका ओळीत लावायची. समोरचीचा एक फटका चांगला वीतभर बाहेर पडला. लाईन अंपायर "आउट" म्हणाला. समोरची तक्रार करायला लागली, म्हणून मी खुर्चीवरून उतरायला लागले. शेवटच्या पायरीवर पाय ठेवतेय तोवर या बाईनं सवयीनं बुटानं खूण साफ करून टाकलेली!

मी पॉइंट समोरचीला दिला.

"पण मॅडम, तो बाहेर होता."

"होता. पण तू खूण पुसलीस."

"घाण दिसत होतं हो ते."

मॅच संपल्यावर तिनं माझ्याविरुद्ध तक्रार केली. अंपायर मुद्दाम हळू उतरतात, म्हणजे खेळाडूला पुसायचा मोह होतो, असं तिचं म्हणणं. घरी सांगितलं तर हे म्हणाले, "अगं, तुझ्यासारखीच आहे की."

*

आता प्राचीकडे येते. पात्रता फेऱ्यांतच आठवडा गेला, आणि मुख्य फेरीच्या पहिल्याच मॅचला तिची गाठ पडली कझाकस्तानच्या डानाशी. यात काही वावगं नाही. पण हॉटेल परवडत नाही म्हणून ही डाना आठवडाभर राहायला होती कुठे, तर दिवाळ्यात, प्राचीच्याच घरी! दोघी एका खोलीत झोपायच्या आणि एका स्कूटरवरून कोर्टवर यायच्या.

देशमुखांनी चष्मा पुसला. मॅचच्या आदल्या दिवशी ते चौकशीला दिवाळ्यात गेले. प्राचीची आई वंदनाताई दारात मासे साफ करत बसल्या होत्या. त्या बेलापूरच्या बाजारात मासे विकतात. साहेबांनी आपण कोण ते मोघम सांगितलं आणि प्रश्न सुरू केले. प्राची फोनवर कोणाशी बोलते? घरी कोण अनोळखी येतं? रात्री कितीला झोपते? पैशाची काही अडचण?

वंदनाताईंनी प्रत्येक प्रश्नाचं सावध उत्तर दिलं. मग हात धुतले, साहेबांना खुर्ची दिली, पाणी दिलं आणि समोर बसून त्यांना वरपासून खालपर्यंत न्याहाळलं.

"ते सगला ठीक हाय," त्या म्हणाल्या. "आता तुमचं सांगा. पोरगा काय करतो?"

*

दुसऱ्या दिवशी ती मॅच माझ्याकडे आली. स्टँड भरलेला. म्हात्रेशेठ मातीच्या ढिगाला पाठ करून बसले, यावरून काय ते समजा. वंदनाताई बाजार टाकून आल्या होत्या. देशमुख एका बाजूला, कांदेवाले दुसऱ्या बाजूला.

दोघी जीव तोडून खेळल्या. एका घरातल्या पोरी मिळून-जुळून खेळतील असं ज्यांना वाटलं होतं ते गप्प झाले. शेवटच्या सेटमध्ये प्राचीचा मॅच पॉइंट आला. डानानं लांबून जोराचा फटका मारला, चेंडू प्राचीच्या मागच्या रेषेपाशी पडला, आणि लाईन अंपायर ओरडला, "आउट!"

शेठ उभे राहिले. मिळाला पॉइंट! प्राचीला, दिवाळ्याला, सगळ्यांना. पण डानानं बोट वर केलं. खूण बघा म्हणाली.

मी खुर्चीवरून उतरले. या वेळी भरभर उतरले. तरी मी पोचायच्या आत प्राची रेषेपाशी गेली, वाकली, खूण बघितली आणि बुटानं पुसून टाकली.

पुण्याच्या मुलीसारखी सवयीनं नाही. बघून, थांबून.

मी पॉइंट डानाला दिला. स्टँडमध्ये कुजबुज सुरू झाली. देशमुख मोबाईल काढून भराभर लिहायला लागले, आणि पलीकडून वंदनाताईंचा आवाज आला, "प्राची, काय पुसलास गो?"

त्यानंतर डानानं बरोबरी केली. मला वाटलं, झालं, गेली ही. पण प्राची दात-ओठ खाऊन टायब्रेकपर्यंत गेली आणि तिथे जिंकली. नेटपाशी दोघी एकमेकींच्या गळ्यात पडल्या. शेठ रडत होते.

देशमुख मात्र तडक प्राचीपाशी आले. "हातात आलेली मॅच सोडलीस. का?"

"चेंडू आत होता, सर."

"ते ठीक आहे. पण सोडलीस का?"

प्राची माझ्याकडे बघायला लागली. आठवडाभर काळा चष्मा लावून बसलेल्या साहेबांना त्या स्पर्धेत सापडलेली एकमेव संशयास्पद घटना ती होती.

तेवढ्यात वंदनाताई खाली आल्या. पोरीकडे बघितलंही नाही, सरळ माझ्यापुढे येऊन उभ्या राहिल्या. चेहरा कठीण. "मॅडम, तिला दिलेला पाईंट परत घ्या."

"कुठला?"

"जगाचा. तिनं खून पुसली, मी माज्या डोल्यानं बगितली. आमी बाजारात बसतो. गिऱ्हाईक मासलीचा कल्ला उघडून बगतं, तवा आमी त्यावर हात ठेवत नाय. हात ठेवला म्हंजे मासली शिली. असला पाईंट नको आमाला."

"अहो ताई, उलट आहे. पुसली म्हणजे तिनं तो पॉइंट डानाला देऊन टाकला. रिवाज आहे तसा. नंतर जिंकली ती स्वतःच्या जोरावर."

वंदनाताईंनी माझ्याकडे रोखून बघितलं. "तुमी इथल्याच. तुमी तिचीच बाजू घेनार."

आणि त्या डानाकडे गेल्या. डाना बाकावर बसून डोळे पुसत बॅग भरत होती. हरली होती ती. दोघींना एकमेकींच्या भाषेतलं अक्षर कळत नाही. वंदनाताईंनी हातानं चेंडू केला, तो वरून खाली आणला आणि मान हलवली, कुठं परला?

डाना उठली. ताईंचा हात धरून मागच्या रेषेपाशी गेली. कोर्टवरून माती सारखी करायची जाळी फिरवून झाली होती, सगळ्या खुणा गेल्या होत्या. ती खाली बसली आणि तिनं बोटानं मातीत एक गोल काढला. अर्धा रेषेच्या बाहेर, अर्धा रेषेवर.

वंदनाताई शेजारी उकिडव्या बसल्या. मासा बघावा तसा त्यांनी तो गोल या बाजूनं बघितला, त्या बाजूनं बघितला. मग उभ्या राहिल्या, लुगडं जरा वर धरलं आणि पायानं तो गोल पुसून टाकला.

"चल," त्या डानाला म्हणाल्या, "जेवून घे. पोरीला पन बोलव."

तिघी गेटवर बूट-चपला झटकून निघून गेल्या. मी खुर्चीपाशी उभी होते. मागून देशमुख धावत आले.

"मॅडम, त्यांनी आत्ता काय पुसलं?"